हुबळीची सेटलमेंट आणि एक कॅमेरा

गेल्या वर्षी मेव्हण्याच्या उपचारासाठी तीन-चार वेळा हुबळीला जावं लागलं. आपल्या गोव्यातल्या माणसाला हुबळी-धारवाड काही नवीन नाही. कोणी कापड आणायला जातो, कोणी दवाखान्यात, कोणी धारवाडला गाणं ऐकायला. फोंड्याहून मोले, अनमोडचा घाट, रामनगर, अळणावर करत बस धारवाडला पोचते आणि तिथून हुबळी वीस किलोमीटर. मेव्हण्याच्या तपासण्या सुरू असताना मी बाहेर मोकळाच. रिक्षा स्टँडवर उभा होतो, तेवढ्यात एक बाई आली, रिक्षावाल्याला म्हणाली, "सेटलमेंट." एवढाच शब्द. तो मीटरकडे न बघता तिला घेऊन गेला.

मी सरकारी कारकून. सेटलमेंट म्हटलं की माझ्या डोक्यात जमिनीचे नकाशे, सर्व्हे नंबर, फॉर्म एक-चौदा येतात. पण इथे तर ते वस्तीचं नाव दिसलं. समोरच्या चहावाल्याला विचारलं. तो हिंदीत म्हणाला, "पुराना नाम है साब. अंग्रेजों के टाइम चोर लोगों को रखते थे." आणि लगेच, कप विसळता विसळता, "अब सब अच्छे लोग हैं." हे दुसरं वाक्य त्याला जोडावंसं वाटलं, ते माझ्या लक्षात राहिलं.

सोलापूरला नातेवाईक असलेल्यांना हा शब्द ओळखीचा असेल. तिथेही सेटलमेंट आहे. गदगला, बेटगेरीत आहे. जुन्या मुंबई इलाख्यात बिजापूर, गदग, हुबळी, सोलापूर, बारामती, अहमदाबाद अशा गावांजवळ या वसाहती उभ्या राहिल्या, त्या 'गुन्हेगार जमातीं'साठी. पहिला कायदा १८७१ चा, पण तो आधी उत्तर हिंदुस्थानापुरता होता. आपल्या बाजूला तो पोचला १९११ च्या सुधारित कायद्याने. गुन्हा कोणी केला, कधी केला, हा प्रश्नच त्यात नव्हता. अमुक जमातीत जन्मला म्हणजे गुन्हेगार. नाव नोंदवायचं, बोटांचे ठसे द्यायचे, ठरल्या वेळी हजेरी द्यायची, गाव सोडायचं तर पास घ्यायचा, आणि सरकारने सांगितलं तर वसाहतीत राहायला जायचं. मुलांना आईबापांपासून वेगळं ठेवायचीसुद्धा तरतूद त्यात होती.

वसाहतींची सुरुवात बिजापुरात ओ. एच. बी. स्टार्ट नावाच्या आय.सी.एस. अधिकाऱ्याने केली. हा माणूस खलनायक नव्हता, हे सांगायला हवं. आपण या लोकांना सुधारतो आहोत, असं त्याला मनापासून वाटत असावं. पुढे १९२८ साली अस्पृश्य आणि आदिवासी जमातींची स्थिती तपासायला मुंबई सरकारने जी समिती नेमली, तिचा अध्यक्ष हाच स्टार्ट, आणि त्या समितीत डॉ. आंबेडकर आणि ठक्करबाप्पा सभासद होते. वसाहती काही सरकारने चालवल्या, काही मिशनऱ्यांकडे दिल्या. शाळा काढल्या, धंदे शिकवले. शिवाय गिरण्यांना मजूर हवेच होते. सोलापूर, गदग, हुबळी, गोकाक, सगळीकडे सूत निघत होतं. तारेच्या कुंपणात राहणारा मजूर पळून जात नाही, हा हिशेब कुणी कागदावर मांडला नसेल, पण तो सगळ्यांना कळत होता.

हुबळीच्या वसाहतीत घंटीचोर होते, कोरवे होते, हरणशिकारी होते. नावं कानडी मुलखातली असल्यामुळे आपल्याला परकी वाटतात. पण घंटीचोर म्हणजे तेच, ज्यांना वर मराठी मुलखात उचल्या किंवा भामटा म्हणत. कोरवे म्हणजे आपले कैकाडी. हरणशिकारी म्हणजे पारधी. लक्ष्मण माने यांचं 'उपरा' १९८० साली आलं आणि लक्ष्मण गायकवाड यांचं 'उचल्या' १९८७ साली. दोन्हींना साहित्य अकादमीचं पारितोषिक मिळालं, मराठी शिकलेल्या प्रत्येकाने निदान नावं तरी ऐकली. आमच्या बी.ए.च्या वर्गात सरांनी 'उपरा'वर बोलताना दोन तास घेतले होते. मी ते पुस्तक तेव्हा परीक्षेपुरतं वाचलं. त्यातल्या माणसांचे भाऊबंद हुबळीत रेल्वे स्टेशनपासून रिक्षाच्या अंतरावर राहतात, हे कळायला मला पंचवीस वर्षं लागली.

दवाखान्यातल्या त्या रिकाम्या दिवसांत मी मोबाईलवर याविषयी वाचत बसलो. एम. केनेडी या पोलिस अधिकाऱ्याने १९०८ साली मुंबई इलाख्यातल्या गुन्हेगार वर्गांविषयी इंग्रजीत एक टिपणवही लिहिली. सरकारी छापखान्यात छापलेलं पुस्तक. एकेका जमातीवर एकेक प्रकरण. दिसतात कसे, कपडे कसे घालतात, बोलतात कसे, वरवर पोटापाण्याचा धंदा कोणता दाखवतात, गुन्हा कोणता करतात, कसा करतात, माल कुठे लपवतात. ही मथळ्यांची रांग जवळपास प्रत्येक प्रकरणात तीच. वाचताना मला दोन गोष्टी एकदम वाटल्या. एक म्हणजे, या माणसाचं निरीक्षण मोठं बारीक आहे. बायका लुगडं कसं नेसतात, आपसात कोणते शब्द वापरतात, मुक्काम टाकताना कुठली जागा निवडतात, सगळं टिपलेलं. आणि दुसरी, की या एवढ्या बारीक पाहण्यात माणूस कुठेच नाही. लुगडं कसं नेसतात ते लिहिलं, कारण गर्दीत ओळखता यावं. भाषा लिहिली, कारण बोलणं पकडता यावं. आईने मुलाला काय म्हणून हाक मारली, हे त्या वहीत सापडणार नाही.

आता मुद्द्यावर येतो. समाजाचं निरीक्षण म्हटलं की आपण ती फार साळसूद गोष्ट समजतो. कोणी माहितीपट काढणारा वस्तीत जाऊन राहतो, महिनोन्महिने कॅमेरा लावून बसतो, मध्ये बोलत नाही, सूचना देत नाही, आयुष्य जसं चाललंय तसं टिपतो, याला आपण मोठी निष्ठा म्हणतो. ती असतेही. पण ज्यांच्याकडे ऐंशी वर्षं कुणीतरी सारखं बघतच होतं, त्यांना 'आम्ही फक्त बघायला आलोय' हे वाक्य कसं ऐकू येत असेल?

याचं एक उत्तर मला अहमदाबादच्या छारानगरात सापडलं, म्हणजे तिथल्या एका फिल्ममध्ये. छारा ही सांसी, कंजारभाट यांच्या नात्यातली जमात. कुबेरनगर भागातली त्यांची वस्ती हीसुद्धा मूळ तशीच सेटलमेंट, मुंबई इलाख्याच्याच कारभारातली. म्हणजे हुबळीची थोरली-धाकटी बहीण म्हणा ना. पी. केरिम फ्रीडमन हे तैवानमध्ये शिकवणारे मानववंशशास्त्रज्ञ आणि शाश्वती तालुकदार या चित्रपटकर्त्या. या दोघांनी तिथे जाऊन आधी २००५ साली 'अॅक्टिंग लाइक अ थीफ' हा पंधरा मिनिटांचा लघुपट केला, आणि मग २०११ साली 'प्लीज डोन्ट बीट मी, सर!' हा मोठा माहितीपट. छोटा लघुपट मी दवाखान्याच्या बाकावर बसून पाहिला, मोठा नंतर.

त्यामागची हकिकत थोडक्यात सांगतो. १९९८ च्या फेब्रुवारीत पश्चिम बंगालच्या पुरुलिया जिल्ह्यात बुधन सबर नावाचा खेडिया सबर जमातीचा तरुण पोलिस कोठडीत मेला. महाश्वेतादेवींनी ते प्रकरण कलकत्ता उच्च न्यायालयात नेलं, नुकसानभरपाई आणि चौकशीचा हुकूम झाला. त्याच वर्षी महाश्वेतादेवी आणि गणेश देवी छारानगरात आले. गणेश देवी आपल्या मराठी मुलखातले, भोरचे, बडोद्याला इंग्रजीचे प्राध्यापक होते. दोघांनी तिथल्या मुलांसाठी एक वाचनालय काढून दिलं. मुलांनी पुस्तकं वाचली असतील नसतील, पण बुधनची केस वाचली आणि तिचं नाटक केलं. तेच बुधन थिएटर. बंगालमधल्या एका माणसाचं मरण अहमदाबादच्या पोरांनी आपलं म्हणून रस्त्यावर उभं केलं, कारण पोलिस चौकीचा अनुभव त्यांना कुणी शिकवायची गरज नव्हती.

फ्रीडमन आणि तालुकदार यांचा कॅमेरा या मुलांच्या तालमीत बसतो, घरात बसतो, रस्त्यावरच्या प्रयोगात गर्दीत उभा राहतो. आईबाप बोलतात. दारू गाळून, चोऱ्या करून मुलांना शिकवलं, हे कुणी लपवत नाही. मला आधी वाटलं, अरेरे, हे कॅमेऱ्यासमोर कशाला बोलायचं? केनेडीच्या वहीला यांनीच मजकूर पुरवला की! मग लक्षात आलं, हीच तर गंमत आहे. ते बोलतात कारण पुढच्याच दृश्यात त्यांचा मुलगा नाटकात पोलिस होऊन उभा राहणार असतो. चोराला अभिनय यावाच लागतो, तोच आम्ही स्टेजवर आणला, असं छारा लोक हसत हसत सांगतात. पहिल्या लघुपटाचं नाव त्यावरूनच. कॅमेरा त्यांच्याकडे बघतो तेव्हा तेही काहीतरी करून दाखवत असतात, आणि त्यांना ठाऊक असतं की आपण करून दाखवतो आहोत. पोलिसांच्या नोंदीत त्यांना ही संधी नव्हती. तिथे ठसा उमटवला की झालं.

शुद्ध निरीक्षणवाले म्हणतील, हे काही खरं आयुष्य नव्हे, नाटकच हे. मान्य. पण शुद्ध निरीक्षण तरी कुठे होतं? ज्याला माहितीपटांचा आद्य पुरुष म्हणतात त्या रॉबर्ट फ्लाहर्टीने १९२२ साली 'नानूक ऑफ द नॉर्थ' केला. त्यात बर्फाच्या घरात उजेड पुरेना म्हणून अर्धंच घर बांधून चित्रण केलं, आणि नायकाचं खरं नावही नानूक नव्हतं. मला यापेक्षा जवळचा वाटतो तो फ्रेंच माणूस, ज्याँ रूश. पश्चिम आफ्रिकेत नायजर नदीकाठी त्याने पाणघोड्याच्या शिकारीची फिल्म केली आणि काही वर्षांनी गावात परत जाऊन, पडदा बांधून, ती त्याच लोकांना दाखवली. लोकांनी पाहिली आणि तक्रार केली. शिकारीच्या प्रसंगाला त्याने मागे गावातलंच संगीत टाकलं होतं. ते म्हणाले, शिकारीच्या वेळी कोण वाजवतं? आवाजाने पाणघोडा पळून नाही का जाणार! रूशने ते संगीत काढून टाकलं. पाहणाऱ्याची चूक पाहिलेल्यांनी दुरुस्त केली. छारानगरच्या मोठ्या माहितीपटाला याच रूशच्या नावाचा, लोकांना बरोबर घेऊन केलेल्या चित्रपटासाठीचा पुरस्कार मिळाला, हे वाचून बरं वाटलं. पुढे बुधन थिएटरचा दक्षिण बजरंगे स्वतःच कॅमेरा घेऊन फिल्म करायला लागला. भटक्या-विमुक्तांवर त्याने केलेल्या माहितीपटाचं नावच 'बर्थ १८७१' आहे. आपली जन्मतारीख कायद्याची तारीख आहे, असं सांगणारं.

मी एवढा या विषयात का अडकलो, ते सांगितल्याशिवाय पुढे जाणं बरं नाही.

पुष्कळ वर्षांपूर्वी, नोकरीत नवा असताना, मी एका तालुक्याच्या कचेरीत होतो. रहिवासी दाखल्यासाठी एका माणसाचा अर्ज आला. गावाच्या कडेला, रानाच्या तोंडाशी प्लास्टिक टाकून राहणाऱ्या चार-पाच कुटुंबांतला. कुठली जमात ते लिहीत नाही. आपल्या गोव्यात अशी माणसं आहेत, आणि ज्यांना बघायची आहेत त्यांना दिसतात. जन्माचा दाखला नाही, घरपट्टी नाही, विजेचं बिल नाही. मला जागेवर जाऊन पाहून अहवाल द्यायला सांगितलं. मी गेलो, सकाळी अकराच्या सुमारास. झोपडी रिकामी. चुलीत राख, दोरीवर एक लुगडं. शेजारच्या झोपडीत एक पोर होतं, ते मला बघून आत पळालं. मी परत आलो आणि शेरा लिहिला की अर्जदार सदर ठिकाणी कायम राहत असल्याचं आढळलं नाही. अर्ज फेटाळला गेला.

अकरा वाजता मजुरी करणारा माणूस घरी कसा सापडणार? हे मला तेव्हा कळत नव्हतं असं नाही. पण मला जागेवर जाऊन 'पाहायला' सांगितलं होतं आणि मी पाहिलं होतं. दोरीवरचं लुगडंही पाहिलं होतं. ते मी अहवालात लिहिलं नाही, कारण त्यासाठी रकाना नव्हता. संध्याकाळी परत एकदा जायला मला कुणी अडवलं नव्हतं. शेवटची बस सहाला होती, एवढंच.

१९५२ च्या ऑगस्टच्या ३१ तारखेला गुन्हेगार जमातींचा कायदा रद्द झाला. तो दिवस विमुक्त दिन म्हणून पाळतात. त्यानंतर सराईत गुन्हेगारांचे कायदे वेगवेगळ्या राज्यांनी केले आणि पोलिसांच्या नजरेत फारसा फरक पडला नाही, हे बाळकृष्ण रेणके यांच्या आयोगापासून (अहवाल २००८) अनेकांनी मांडलं आहे. गोव्यात तेव्हा पोर्तुगीज होते, म्हणून हा इंग्रजी कायदा आपल्याकडे आला नाही. आपण त्यातून सुटलो, असं मीही कधीतरी अभिमानाने बोललो असेन. पण मला अकरा वाजता रिकामी झोपडी बघून शेरा लिहायला कुठला १८७१ चा कायदा लागला नव्हता.

गणेश देवी २०१६ च्या सुमारास बडोदा सोडून धारवाडला राहायला आले. २०१५ च्या ऑगस्टमध्ये धारवाडात प्रा. कलबुर्गी यांची त्यांच्या घराच्या दारात हत्या झाली, त्यानंतरची ही गोष्ट. त्यांच्या 'दक्षिणायन'ची परिषद २०१६ च्या नोव्हेंबरात मडगावला रवींद्र भवनात झाली, तेव्हा मी सरकारी नोकराला शोभेल असा मागच्या रांगेत बसून आलो होतो. तेव्हा भाषांविषयीचं त्यांचं काम मला माहीत होतं, बुधनचं माहीत नव्हतं. धारवाडात असलेल्या माणसाने अहमदाबादच्या सेटलमेंटमध्ये काय केलं, हे हुबळीच्या सेटलमेंटच्या दाराशी बसून कळावं, असा हा उलटा प्रवास झाला.

शेवटच्या खेपेला मेव्हण्याला घरी सोडणार होते. कागदपत्रांना दुपार झाली. मी रिक्षात बसलो आणि म्हटलं, "सेटलमेंट."

वस्ती इतर कुठल्याही वस्तीसारखीच. सिमेंटची घरं, मोबाईल रिचार्जचं दुकान, गटारावर फरशी टाकून बसलेली म्हातारी माणसं, शाळेतून येणारी मुलं. मी काय बघायला आलो होतो कोण जाणे. कुंपणाची तार? एका दुकानापाशी सोड्याची बाटली घेतली आणि सवयीने खिशातून छोटी वही काढली, दोन शब्द टिपायला. पायरीवर एक म्हातारी बसली होती. ऐंशीच्या पुढची असेल. तिने मला वरपासून खालपर्यंत बघितलं आणि कानडीत काहीतरी विचारलं. मी मराठीत म्हटलं, मला कानडी येत नाही, गोव्याहून आलोय.

"मंग मराठीत इचारते," ती म्हणाली. "काय लिहून घ्यालाव?"

तो 'घ्यालाव' सोलापूरचा. मी विचारलं तर म्हणाली, माहेर सोलापूरचं. सोलापुरात कुठलं? तिने मान नुसती जमिनीकडे हलवली. म्हणजे हेच, सेटलमेंट. एका सेटलमेंटमधून दुसऱ्या सेटलमेंटमध्ये लग्न होऊन आलेली.

मी वही खिशात टाकली. फोन हातात होता, तोही ठेवला. तिने तो ठेवलेला बघितला, मगच पुढे बोलली. लहानपणी घंटा व्हायची, सांगितलं. घंटा झाली की सगळी रांगेत. बाप रांगेत उभा राहायचा तेव्हा ती त्याच्या धोतराला धरून उभी राहायची, कारण नाव पुकारलं की त्याने "हाजीर" म्हणायचं आणि तिला ते म्हणायला फार आवडायचं. एकदा त्याच्याआधी तीच ओरडली, "हाजीर!" सगळी रांग हसली. शिपाईसुद्धा हसला. "माझ्या बापाचं नाव त्या दिवशी मीच लावलं," ती म्हणाली आणि तोंडाला पदर लावून हसायला लागली.

मग तिने मला विचारलं की गोव्यात मासे काय भाव आहेत, आणि मी बायकोला का नाही आणलं. दवाखान्यातून फोन आला, डिस्चार्जचा कागद झाला म्हणून. मी उठलो. तिने माझं नाव विचारलं. मी सांगितलं. तिने ते एकदा स्वतःशी म्हणून पाहिलं, नीट, पाठ केल्यासारखं.

येताना अनमोडच्या घाटात धुकं होतं. मेव्हणा झोपला होता. त्या जुन्या अर्जातल्या माणसाचं नाव मी आठवून पाहत होतो. आडनाव आठवतं. नाव काही केल्या आठवलं नाही.